हळू चालण्याचं शिक्षण

आमच्या वेळी फौजेत भरती व्हायला आलेल्या पोराला सगळ्यात आधी पळावं लागायचं. सोळाशे मीटर, साडेपाच-पावणेसहा मिनिटांत. त्यासाठी आमच्या सातारा जिल्ह्यात पहाटेच्या अंधारात डांबरी रस्त्यांवर पोरं धावताना दिसतात. मीही तसाच धावलो आणि भरती झालो. बेळगावच्या मराठा रेजिमेंटल सेंटरमध्ये आणखी धावलो, पलटणीत गेल्यावर पाठीवर पिट्टू आणि हातात रायफल घेऊन धावलो. पुढे डोंगरी युद्धाच्या शाळेत उस्ताद म्हणून नेमणूक झाली, तेव्हा हाती आलेलं काम नेमकं उलटं निघालं. पळण्यात तयार होऊन आलेल्या जवानांना हळू चालायला शिकवायचं.

ऐकणाऱ्याला यात गंमत वाटते. डोंगरी सैनिक म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे दोरावर लटकणारा, कडा सरसर चढून जाणारा गडी येतो. तेही आम्ही शिकवायचो. पण १९९९ च्या उन्हाळ्यात, कारगिलच्या युद्धात, द्रासच्या बाजूला मी जे पाहिलं, त्याचा विचार करताना मन फिरून एकाच गोष्टीवर येतं. डोंगरावर वेळ कसा लागतो, तो कोणाला मिळतो आणि त्याची किंमत कोण मोजतं.

शाळा म्हणजे गुलमर्गची हाय अल्टिट्यूड वॉरफेअर स्कूल. आम्ही सगळे तिला ‘हॉज’ म्हणतो. तिचा जन्मच युद्धातला. १९४७-४८ च्या काश्मीर युद्धात १९ इन्फन्ट्री डिव्हिजनची सूत्रं थिमय्या साहेबांकडे होती. १ नोव्हेंबर १९४८ ला त्यांनी जोझी ला खिंडीत, साडेतीन हजार मीटरवर, रणगाडे चढवून शत्रूला चकित केलं. रणगाडे खिंड जिंकून देऊ शकले, पण पुढचा हिवाळा त्या बर्फात माणसांनीच काढायचा होता. त्याच डिसेंबरात गुलमर्गला डिव्हिजनची स्की शाळा सुरू झाली, आणि त्या छोट्या शाळेतून पुढे ‘हॉज’ उभी राहिली. तिची वर्षातून दोन रूपं असतात. हिवाळ्यात गुलमर्गला स्की, बर्फातला निवारा, हिमकडा कुठून सुटेल याचा अंदाज, गाडलेल्या माणसाचा शोध. उन्हाळ्यात सोनमर्गला कातळ आणि हिमनदी. माझा जीव उन्हाळ्यातल्या शाळेत जास्त रमायचा, कारण कातळ माझ्या ओळखीचा होता.

म्हणजे मला तसं वाटायचं. जावळीच्या खोऱ्यात वाढलेल्या पोराला कडा नवा नसतो. गुरांमागे फिरताना, मध काढायला जाताना पाय आपोआप जागा शोधतात. सह्याद्रीचा काळा कातळ टणक. त्याला खोबण्या असतात, आडव्या पट्ट्या असतात, एकदा बोट अडकलं की भरवसा ठेवता येतो. काश्मीरच्या पलीकडे, द्रास-कारगिलच्या बाजूला, डोंगराचं वागणं वेगळं. दिवसा ऊन, रात्री गोठण, वर्षानुवर्षं हेच चाललेलं. त्याने खडक आतून फुटलेला असतो. हाताला पकड लागली म्हणून भार द्यावा, तर पकडच हातात येते. खाली मैलोन्‌मैल घसारा. दोन पावलं वर जावं, एक पाऊल खाली यावं. म्हणून पहिला धडा असा, की प्रत्येक दगडाला आधी तळहाताने ठोकायचं. भरीव वाजला तर भार द्यायचा, पोकळ वाजला तर सोडायचं. दोन हात, दोन पाय, यांतल्या तीन जागा कायम धरलेल्या आणि एकच हलती. दिवसा हे जमलं की रात्री, रात्री जमलं की हातमोजे घालून, मग रायफल आणि वीस-पंचवीस किलो वजन घेऊन.

रात्रीच्या चढाईत सगळ्यात मोठा शत्रू आवाज. कॅराबिनर, म्हणजे दोर अडकवायच्या कड्या, एकमेकांवर आपटले की त्यांची किणकिण शांत हवेत फार दूर जाते, म्हणून त्यांना कापडी पट्टी गुंडाळायची. पाण्याची बाटली अर्धी भरलेली नको, डुचमळते. सुटलेला एक दगड खालच्या माणसाचं डोकं फोडतो आणि वरच्या पहाऱ्याला जागं करतो. खोकल्याचं तर काही करता येत नाही. त्या कोरड्या थंड हवेत घसा सोलून निघतो. मफलर तोंडावर घट्ट दाबून खोकायची सवय आम्ही मुद्दाम लावायचो.

या सगळ्याच्या आधी मात्र शरीराला उंचीची सवय व्हावी लागते, आणि जवानांना तोच भाग नकोसा होतो. फौजेचा नियम ठरलेला आहे. नऊ ते बारा हजार फुटांवर सहा दिवस, बारा ते पंधरा हजारांवर चार, त्याच्या वर आणखी चार. पहिले दोन दिवस तर नुसता आराम. फार तर बराकीच्या आसपास फिरायचं. नंतर सपाटीवर थोडी चाल, मग हलका चढ, मग वजन. महिन्याहून जास्त सुट्टी घालवून आला की पुन्हा पहिल्यापासून. या नियमांमागे मोठी शिकवण आहे. १९६२ मध्ये मैदानातल्या पलटणी पुरेशी तयारी न होता चीनच्या सीमेवर चढवल्या गेल्या आणि गोळी न लागताही माणसं कोसळली. त्या काळात इंदर सिंग आणि त्यांच्या सहकारी लष्करी डॉक्टरांनी १,९२५ जवानांच्या आजाराचा अभ्यास केला. १९६९ साली तो छापून आला आणि जगभरच्या गिर्यारोहकांच्या उपयोगी पडला.

पाच हजार मीटरवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्म्याहून थोडाच जास्त असतो. तिथे घाईने पोचलेल्या माणसाच्या फुप्फुसात पाणी भरू शकतं. आम्ही त्याला ‘हॅपो’ म्हणतो. सुरुवात साध्या कोरड्या खोकल्याने होते. मग बसल्या जागी दम लागतो, ओठ निळे पडतात, थुंकीत गुलाबी फेस येतो. औषध एकच, ताबडतोब खाली उतरवणं, तोवर प्राणवायू. आणि हा आजार पैलवान गड्याला सोडत नाही. उलट जो सगळ्यात पुढे जाऊन ‘मला काही होत नाही’ म्हणतो, तोच आधी सापडतो. डोकेदुखी लपवणं हा आमच्याकडे मर्दपणा समजला जायचा. त्यामुळे मी जवानाच्या बोलण्यावर विसंबायचो नाही. लंगरच्या स्वयंपाक्याला विचारायचो, आज कोणी रोटी टाकली? अन्नावरची वासना उडाली की समजावं, उंची चढली. एखादा गडी एकटा कोपऱ्यात बसला, बूट बांधताना चुकला, सरळ रेषेत टाचेला बोटं लावून चालता आलं नाही, तर त्याला रात्रीच खाली धाडायचं, सकाळची वाट बघायची नाही.

चालण्याची पद्धतही शिकवावी लागते. मागचा पाय पूर्ण सरळ करायचा, भार हाडावर टाकायचा, क्षणभर थांबायचं, मग पुढचं पाऊल. एका पावलाला एक श्वास. चालता चालता सोबत्याशी बोलता आलं पाहिजे. बोलता येत नसेल तर वेग जास्त आहे. तरणी पोरं पहिल्या आठवड्यात याला हसतात. एका कोर्समध्ये एका गड्याने मला विचारलं होतं, “उस्ताद, हम लड़ने आए हैं या टहलने?” मी म्हटलं, आधी टहलायला शीक. वर पोचल्यावर लढायला दम उरला पाहिजे.

मग १९९९ चा मे उजाडला.

सुरुवातीला बातम्या तुटक होत्या. घुसखोर आहेत, थोडे आहेत, दोन-चार दिवसांत हुसकून लावू. हळूहळू कळलं, की शिखरांवर बसलेल्यांत पाकिस्तानच्या नॉर्दर्न लाइट इन्फन्ट्रीचे शिपाई आहेत. ती गिलगिट-बाल्टिस्तानची डोंगरी माणसं, उंचीवर जन्मलेली, आणि हिवाळा सरता सरताच वर येऊन दगडांचे मोर्चे रचून बसलेली. खालून श्रीनगर-लेह रस्ता जातो. द्रासजवळ तो तोलोलिंग शिखराच्या थेट नजरेखाली येतो. वरून बघणारा निरीक्षक तोफखान्याला सांगायचा आणि गाड्यांच्या ताफ्यावर गोळे पडायचे. लडाखची बरीचशी रसद त्याच रस्त्याने जायची. हिवाळ्यात जोझी ला बंद होण्याआधी हिवाळाभर पुरेल एवढी शिधासामग्री भरून ठेवावी लागायची. तो रस्ता महिनाभर जरी तुटला तरी पुढचा हिवाळा कठीण होता.

त्यामुळे घाई खरी होती. वरिष्ठांपैकी कोणी हौस म्हणून पलटणी पळवल्या नाहीत. काश्मीर खोऱ्यात दहशतवादाशी लढणाऱ्या तुकड्या होत्या, त्या सगळ्यात जवळ होत्या, त्या आधी निघाल्या. खोऱ्याची उंची सोळाशे मीटर. द्रास तेहतीसशेच्या आसपास आणि शिखरं पाच हजारांच्या घरात. अनेकांच्या अंगावरचे कपडे आणि पायांतले बूट खोऱ्यातल्या गस्तीचे होते. मेच्या शेवटी आणि जूनच्या सुरुवातीला तोलोलिंगवर १८ ग्रेनेडियर्सनी केलेले हल्ले उघड्या उतारावर अडले. मेजर राजेश अधिकारी तिथेच पडले, लेफ्टनंट कर्नल विश्वनाथन तिथेच पडले. मैदानात हल्ला करणारे तिप्पट असावेत म्हणतात. डोंगरात सहापट, नऊपट लागतात. वर बसलेल्या दहा माणसांना एक मशीनगन आणि ढीगभर दगड पुरतात.

आमच्याकडे सोनमर्गला तेव्हा पलटणी यायला लागल्या. नेहमीचा कोर्स कित्येक आठवड्यांचा. आता हाताशी दिवस होते. काय ठेवायचं आणि काय गाळायचं, हाच रोजचा प्रश्न. स्की गेलं, हिमनदी जवळपास गेली. गाठी ठेवल्या, दोर ठेवला, रात्रीची चढाई ठेवली, जखमीला कड्यावरून उतरवणं ठेवलं. नेमबाजीत एक गोष्ट मुद्दाम ठेवली. तीव्र चढावर वरच्या दिशेने मारा किंवा खालच्या, नेहमीसारखा नेम धरला तर गोळी डोक्यावरून जाते. सरावाच्या मैदानात सपाट जागेवर हे कधी कळत नाही. तोफखान्यालाही तसंच शिकावं लागलं. विरळ हवेत गोळा नेहमीपेक्षा लांब जातो, त्यामुळे जुनी कोष्टकं तशीच्या तशी लागू पडत नव्हती. आणि काहीही झालं तरी उंचीची सवय गाळायची नाही, यावर आम्ही सगळे उस्ताद अडून बसायचो.

काही आठवड्यांनी आमच्यातल्या काहींना दोर बांधायला पुढे पाठवलं. मी ज्या पलटणीबरोबर गेलो तिच्या वाट्याच्या शिखराला नाव नव्हतं. नकाशावरचा उंचीचा आकडा हेच नाव. तिथलं गणित आधी खाली दुर्बिणीतून बघत बसून मांडलं जातं. उजाडतं साडेचारच्या सुमारास. त्याआधी शत्रूच्या मोर्च्याजवळ पोचायचं, कारण उजेडात उतारावर सापडलेला माणूस वाचत नाही. अंधार पडतो आठनंतर. म्हणजे हातात आठ तास. वजन घेतलेली कंपनी त्या घसाऱ्यावर आणि कड्यावर तासाला शंभर-सव्वाशे मीटर चढली तरी खूप. चढ त्याहून मोठा असेल तर एका रात्रीत काम होत नाही. मग पहिल्या रात्री अर्ध्यावर जाऊन दिवसभर दगडांआड निश्चल पडून राहायचं, दुसऱ्या रात्री हल्ला. हे पटवणं कठीण असतं, कारण खाली प्रत्येकजण घड्याळाकडे बघत असतो.

आम्ही मोजकेच चढणारे पुढे होतो. कातळात पिटॉनचा खिळा ठोकताना आवाज होतो म्हणून शक्य तिथे मोठ्या खडकालाच दोर गुंडाळत गेलो. मागून कंपनी दोराला धरून. मध्ये मागची रांग तुटली, एक प्लाटून मागे पडली. कोवळे लेफ्टनंट साहेब माझ्याजवळ सरकले. “उस्ताद, टाइम निकल रहा है.”

“निकलने दीजिए साहब, दम न निकले.”

ते थांबले. पंचवीस वर्षांच्या आतला मुलगा, पहिली लढाई, वर मशीनगन, खालून वायरलेसवर विचारणा चाललेली. अशा वेळी थांबायला किती धैर्य लागतं, हे मला तिथे कळलं. मागची माणसं येईपर्यंत आम्ही दगडाला चिकटून बसलो.

प्रत्यक्ष लढाईबद्दल मी फार सांगत नाही. ती ज्यांची होती त्यांनी सांगावी. माझ्या वाट्याला नंतरचं काम आलं. जखमी उतरवणं. एका माणसाला त्या उतारावरून खाली आणायला सहा-आठ माणसं लागतात आणि रात्र जाते. वर चढताना वजन आपण ठरवलेलं असतं, उतरताना ते जिवंत असतं, कण्हतं, पाणी मागतं. पाणी नसतंच. बाटल्या संपलेल्या, चूल पेटवायची सोय नाही, आणि गोळ्यांच्या धुराने काळवंडलेला बर्फ. पुष्कळांनी पिट्टूतलं खाणं काढून त्या जागी काडतुसं भरली होती. खिशात शंकरपाळे, मूठभर सुका मेवा, बास. रक्त गेलेल्या माणसाला उंचीवरची थंडी फार लवकर धरते. जोडीदारांनी आपल्या अंगातले कोट काढून जखमींवर घातले होते, आणि स्वतः कुडकुडत दोर सोडत होते.

४ जुलैला टायगर हिल शिखर आपल्या हाती आल्याची बातमी आली. समोरची सोपी धार सोडून, १८ ग्रेनेडियर्सच्या घातक प्लाटूनने सुमारे हजार फुटांचा पूर्वेकडचा कडा रात्री चढला होता. शाळेत आम्ही जे सांगायचो त्याचा याहून मोठा दाखला नाही. मोर्चे सोप्या वाटेकडे तोंड करून बांधलेले असतात. अवघड वाट हीच पुष्कळदा सुरक्षित वाट. मात्र ती वेळ मागते. टायगर हिलच्या आधी बघायला, चढायच्या जागा हेरायला, तोफा लावायला दिवस मिळाले होते. बोफोर्स तोफा थेट शिखरावर नेम धरून आग ओकत होत्या. लोक तोलोलिंग आणि टायगर हिल यांची तुलना करतात आणि म्हणतात, बघा, तयारी असली की कसं होतं. मीही काही काळ तसंच म्हणायचो. उस्तादाला ते सुखाचं असतं. आपला धडा खरा ठरला असं वाटतं.

पण तारखा नीट लावून बघितल्या की दुसरंच दिसतं. तोलोलिंग १३ जूनला २ राजपुताना रायफल्सनी घेतलं. त्याआधीचे तीन आठवडे १८ ग्रेनेडियर्स त्याच उतारावर, दगडांआड, मिळेल ती जागा धरून होते. शत्रूची नजर त्यांच्यावर होती, त्याचा दारूगोळा त्यांच्यावर खर्च होत होता. त्याचे मोर्चे नेमके कुठे आहेत, ते त्यांच्या रक्ताने कळलं. पलीकडे चोरबत ला भागात मेच्या अखेरीस मेजर सोनम वांगचुक आणि लडाख स्काउट्सनी साडेपाच हजार मीटरच्या आसपासची धार वेळेत धरली, कारण त्यांच्या जवानांना हवेची सवय लावायची गरजच नव्हती. तोवर तोफा येत होत्या, बूट येत होते, सोनमर्गला पलटणी आमच्या हाताखालून जात होत्या. आम्ही ज्यांना हळू चालायला शिकवलं, त्यांना हळू चालण्याइतका अवधी होता. तो अवधी कुठून आला, हे कोष्टकात लिहिलेलं नव्हतं.

लढाई २६ जुलैला संपली. आपले ५२७ जण गेले. त्यानंतर लेहमध्ये १४ कोअर उभी राहिली, लडाख स्काउट्सना स्वतंत्र रेजिमेंटचा दर्जा मिळाला. हिवाळ्यात रिकाम्या केल्या जाणाऱ्या चौक्यांवर बारा महिने माणसं राहू लागली. शाळेचं काम वाढलं. सियाचिनवर तर १९८४ पासून हे चालूच होतं. तिथे शत्रूच्या गोळीपेक्षा थंडीने, हिमकड्यांनी आणि उंचीने जास्त माणसं नेली आहेत.

आता निवृत्त होऊन साताऱ्यात असतो. अधूनमधून ट्रेकवाल्या पोरांचे फोन येतात. पुण्याहून सकाळी विमानाने निघतो, दिल्लीत बदलतो, दुपारी लेह, दुसऱ्या दिवशी मोटारसायकलवर खारदुंग ला. मी विचारतो, पहिले दोन दिवस काय करणार? गप्प होतात. लेह साडेतीन हजार मीटरवर आहे, खिंड पाच हजारांच्या वर. त्यांना सांगतो, खोलीवर पडून राहा, पाणी प्या, दारू नको, डोकं दुखलं तर लपवू नका. काही ऐकतात. सुट्टीच मोजकी असते, त्यात दोन दिवस फुकट घालवायचे म्हणजे जिवावर येतं.

फौजेतल्या शेवटच्या वर्षांतही हीच अडचण होती. सवय लावण्याच्या पहिल्या दोन दिवसांत जवान कंटाळायचे. पत्ते कुटायचे, कुरकुर करायचे, उस्ताद, आता तरी वर जाऊ द्या म्हणायचे. आधी मी त्यांना फुप्फुसं आणि प्राणवायू समजावून सांगायचो. पुढे मी त्याच्या आधी एक धडा घालू लागलो. नकाशावर तोलोलिंगचा उतार दाखवायचो आणि मे-जूनच्या तारखा फळ्यावर लिहायचो. म्हणायचो, या लोकांना तुम्हाला मिळतात तसे दोन दिवस मिळाले नाहीत. तुम्ही इथे आरामात बसू शकता, कारण आज वरच्या चौकीवर कोणीतरी तुमची जागा धरून आहे. त्याला उतरायचंय, आणि तुम्ही धडधाकट वर पोचलात तरच तो उतरू शकेल. घाईत जाऊन आजारी पडलात, तर त्याला तुम्हालाही उचलून खाली आणावं लागेल.

त्यानंतर कुरकुर थांबायची असं नाही. पण दुसऱ्या दिवशी डोकेदुखी सांगायला येणारे वाढायचे. उस्तादाला तेवढं पुरतं.